योग्य तो विचार करण्यात येईल

पूर्णविरामाला पैसे पडत नाहीत, हे वाक्य मी धडगावच्या कनिष्ठ महाविद्यालयात इतक्या वेळा बोलले आहे की मुलं आता माझ्या आधी ते म्हणून टाकतात. म्हणतात, हसतात आणि लिहिताना मात्र पूर्णविराम घरी विसरून येतात. एक वाक्य सुरू होतं ते पानाच्या तळाशी जाऊन थांबतं. मध्ये स्वल्पविराम असतात, पण ते अर्थासाठी नसतात. घाट चढताना जिथे दम लागतो तिथे माणूस थांबतो, तसे ते कुठेही बसलेले असतात. मी लाल पेनने ते उडवते. पुढच्या आठवड्यात ते पुन्हा तिथेच बसलेले दिसतात.

इंग्रजी शिकवते म्हणजे खरं तर मी चारच गोष्टी शिकवते. एका वाक्यात एकच गोष्ट सांगा. कोणी केलं ते आधी लिहा. साधा शब्द असताना जड शब्द वापरू नका. आणि तुम्हाला काय पाहिजे ते पहिल्या ओळीत मागा. पहिल्या तिन्हींवर मुलं थोडीफार तरी ऐकतात. चौथीवर मी हात टेकले आहेत.

कारण आमच्याकडे कोणी पहिल्या ओळीत काही मागतच नाही. नंदुरबारला आमच्या घरी, अब्बांच्या बांगड्यांच्या दुकानातसुद्धा, उधारीवर माल मागायला आलेला माणूस आधी पाऊसपाणी बोलतो, मग मिरचीचा भाव, मग अम्मीच्या गुडघ्यांची चौकशी. चहा होतो. चपला घालता घालता तो म्हणतो, ‘बरं, एक काम होतं.’ दारात उभं राहून कामाचं बोलणारा माणूस बिनवळणाचा समजला जातो. मुलांचे अर्जही असेच असतात. गाव, आईवडील, नदी, बहिणीचं लग्न, सगळं येतं आणि शेवटच्या ओळीत, सहीच्या अंगावर आदळून, खरी मागणी येते. तोवर वाचणाऱ्या साहेबाने कागद बाजूला ठेवलेला असतो. हे मी वर्गात ओरडून सांगते. मुलं शांतपणे ऐकून घेतात आणि मनात म्हणत असावीत की मॅडमना रीतभात नाही.

त्या वर्षी माझ्या वर्गातून बारावी झालेली एक मुलगी होती. डोंगरातल्या एका पाड्यावरची, घरी पावरी बोलणारी, वसतिगृहात राहून शिकलेली. तिचे पूर्णविराम जागच्या जागी असायचे. एवढ्या एका गोष्टीसाठी मी तिच्यावर जीव टाकला होता, हे लपवण्यात अर्थ नाही. नाशिकच्या एका नर्सिंग कॉलेजात तिचं नाव लागलं. घरातून नोकरीच्या शिक्षणाला जाणारी ती पहिलीच. नाही गेली तर दिवाळीनंतर घरच्यांबरोबर गुजरातेत ऊस तोडायला जायचं, हे ठरलेलंच होतं. कोयता तिलाही चालवता येत होता, म्हणून तिथे तिची जागा कायमची पक्की होती.

अडचण एकच होती. कॉलेजने सोमवारी हजर व्हायला सांगितलं होतं, मूळ कागदांसह, आणि तिचं जात पडताळणीचं प्रमाणपत्र अजून यायचं होतं. त्याच आठवड्यात मिळेल, असा निरोप होता. तोवर जागा राखून ठेवा, एवढंच कॉलेजला कळवायचं होतं. त्या संस्थेचा सगळा व्यवहार इंग्रजीत. मी मनात म्हटलं, चला, इतकी वर्षं घसा कोरडा केला त्याचं आज काम पडलं.

ती मजकूर लिहून घेऊन आली. पहिल्या ओळीत तिचा पाडा. दुसऱ्या ओळीत पावसाळ्यात पाड्याला रस्ता राहत नाही ही हकिकत. पुढे वडील, आई, धाकटी भावंडं. मागणी शोधायला मला पान उलटावं लागलं. माझं डोकंच फिरलं.

‘तूसुद्धा?’ मी म्हटलं. ‘अगं, तुला तरी मी काय शिकवलं होतं?’

‘मॅडम, ते लोक मला ओळखत नाहीत,’ ती म्हणाली. ‘मी कोण ते सांगितल्याशिवाय एकदम मागायचं कसं?’

मी तिला समोर बसवलं आणि आम्ही दोघींनी मिळून मजकूर उतरवत उतरवत चार वाक्यांवर आणला. माझी जागा कृपया शुक्रवारपर्यंत राखून ठेवा. माझं प्रमाणपत्र या आठवड्यात मिळणार आहे. ते घेऊन मी शुक्रवारी येईन. जागा राहील की नाही ते कळवा. सुंदर इंग्रजी झालं होतं, स्वच्छ धुतलेल्या काचेच्या ग्लासासारखं. मला स्वतःचाच अभिमान वाटला.

मेल पाठवायला ऑफिसात गेलो. आमचे हेडक्लार्क भाऊसाहेब मूळचे नंदुरबारजवळच्या कोरीटचे. धडगावात निम्मी हयात गेली तरी जिभेवरची अहिराणी हललेली नाही. महाविद्यालयातून बाहेर जाणारा प्रत्येक कागद त्यांच्या नजरेखालून जातो आणि प्रत्येक कागदाला ते ‘विथ ड्यू रिस्पेक्ट’ची टोपी आणि ‘डू द नीडफुल’ची शेपटी लावतात. त्यांनी स्क्रीनवरचा मजकूर वाचला, चष्मा काढला, पुन्हा लावला.

‘मॅडम, आसं नका लिखू,’ ते म्हणाले. ‘हाई ते हुकूम सोडेल सारखं वाटी ऱ्हायनं. भलतंच उर्मट शे.’

‘कृपया लिहिलंय की.’

‘एकच डाव लिखेल शे.’

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी म्हटलं, भाऊसाहेब, तुमच्या रिस्पेक्टच्या ओझ्याखाली या पोरीची मागणी गुदमरून मरेल. ते म्हणाले, मॅडम, पोरगीचं काम आहे म्हणून तर सांगतो, समोरच्याला राग आला तर नुकसान तिचं. आमची बराच वेळ जुंपली. मुलगी दाराशी उभी राहून आमच्याकडे आळीपाळीने बघत होती. शेवटी मी त्यांच्या खुर्चीवर वाकून स्वतःच बटण दाबलं. चार वाक्यं गेली.

उत्तर दुसऱ्याच दिवशी आलं. मी ते वाचलं, परत वाचलं, मग खुर्चीत बसून वाचलं. सबंध उत्तर म्हणजे एकच वाक्य होतं. मराठीत सांगायचं तर ते असं होतं: आपल्या विनंतीची नोंद घेण्यात आली असून, उमेदवार आवश्यक त्या कागदपत्रांसह उपस्थित झाल्यास, जागेच्या उपलब्धतेच्या अधीन राहून, प्रचलित नियमांनुसार योग्य तो विचार करण्यात येईल.

आम्ही विचारलं होतं, जागा राहील की नाही. या वाक्यात जागा होती, नियम होते, विचार होता. हो नव्हतं आणि नाहीही नव्हतं. विचार करणारं माणूसच त्यात नव्हतं. नोंद आपोआप घेतली गेली होती आणि विचार आपोआप केला जाणार होता. माझ्या एखाद्या विद्यार्थ्याने असं लिहिलं असतं तर मी वही त्याच्या अंगावर फेकली असती. पण हे एका कॉलेजच्या कार्यालयाने लिहिलं होतं, शिक्क्यासारख्या मोठ्या अक्षरांत संस्थेचं नाव खाली टाकून.

भाऊसाहेबांनी वाचलं आणि त्यांना ते लगेच समजलं. ‘देखसूत आसं म्हनी ऱ्हायनात त्या,’ ते म्हणाले. ‘म्हंजे नाही.’

हे बाहेरच्या माणसाला समजावून सांगावं लागेल. आमच्या भागात तोंडावर नाही म्हणत नाहीत. ते फार वाईट दिसतं. खान्देशी माणूस ‘देखसूत’ म्हणतो, म्हणजे बघू, आणि ऐकणारा समजून उठतो. आमच्या घरी अब्बा ‘देखेंगे’ म्हणतात तेव्हा अम्मी तो विषय बंद करते. सरकारी खिडकीवर ‘बघू’ असतं. पावरीत यासाठी काय म्हणतात, असं मी एकदा त्या मुलीला विचारलं होतं. ती म्हणाली, काहीच म्हणत नाहीत, माणूस गप्प बसून राहतो, मग आलेला निघून जातो. इतक्या बोली आणि नकार सगळ्यांचा एकच. लहानपणापासून आम्ही हेच ऐकत आलो. योग्य तो विचार करण्यात येईल, याचा अर्थ इथल्या शेंबड्या पोरालाही विचारा, तो नाहीच सांगेल.

बाजाराच्या दिवशी तिचे वडील वसतिगृहातली तिची पेटी न्यायला आले. उंच, वाळलेला, कमी बोलणारा माणूस. मी त्यांना मेल वाचून दाखवला आणि मराठीत सांगितला.

‘नाही म्हणाले,’ ते म्हणाले.

‘नाही म्हणालेले नाहीत.’

‘मग हो म्हणाले?’

‘हो असंही नाही म्हणालेले.’

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता, नुसती कीव होती. शिकलेली-सवरलेली बाई आणि एवढंही कळत नाही, अशी. खरं सांगते, मला स्वतःची नाही, माझ्या विषयाची लाज वाटली. इतकी वर्षं मी मुलांना सांगत होते की इंग्रजी ही सरळ बोलणाऱ्यांची भाषा आहे.

मी कॉलेजला फोन लावला. कोणी उचलला नाही. पुन्हा लावला, एका बाईंनी उचलला आणि ‘मेल करा’ म्हणून ठेवून दिला. मी मेल केला: जागा राखून ठेवली आहे का, हो किंवा नाही एवढंच लिहा. संध्याकाळी उत्तर आलं. कृपया खालील मेल पाहावा. खाली तोच मेल होता, योग्य तो विचार करणारा. मी ऑफिसातल्या टेबलावर इतक्या जोरात हात आपटला की भाऊसाहेबांचा चहा सांडला. त्यांनी फडकं आणलं. त्यांची ती समजूतदार शांतता मला अजिबात सहन होत नव्हती.

गुरुवारी प्रमाणपत्र आलं. मुलगी म्हणाली, मी जाते. वडील अजून धडगावातच मुक्कामाला होते, ते नको म्हणाले. एकदा बघू म्हणालेल्या माणसाच्या दारात पुन्हा जाऊन उभं राहायचं नसतं. त्याने आपली लाज राखून नकार दिला, आता त्याच्या तोंडून नाही वदवून घेणं म्हणजे त्याला आणि स्वतःलाही खाली बघायला लावणं. त्यांच्या बाजूने हे अगदी बरोबर होतं. नियम माझ्याकडेही होते, पण ते कागदावरचे.

मुलीने मात्र मार्ग काढला. ती वडिलांशी पावरीत बोलली आणि मग माझ्यासाठी मराठीत म्हणाली, ‘मी सांगितलं, कागदाने विचारलंय, कागदाने उत्तर दिलंय. मी अजून विचारलेलंच नाही.’

वडिलांनी पेटी उचलली, आता नाशिकला न्यायला.

मी प्राचार्यांकडे एक दिवसाची रजा मागितली, अर्जाच्या पहिल्या ओळीत. ते म्हणाले, ‘बघू.’ मी गेले. परत आल्यावर काय व्हायचं ते होऊ दे, असं ठरवूनच शुक्रवारी पहाटे जीपमध्ये बसले. घाटातून शहाद्याला, तिथून एसटीने पुढे. पेटी सगळा रस्ता वडिलांच्या मांडीवर होती. खाली ठेवा म्हटलं तर ते नुसती मान हलवत होते.

नाशिकला पोचलो तेव्हा दुपार टळत आली होती. कॉलेजचं ऑफिस थंडगार, काचेच्या खिडकीचं. आत टाय लावलेला एक तरुण कारकून. वाटेत मी मनात भाषण तयार केलं होतं, पण मुलगी माझ्या पुढे गेली. नमस्कार नाही, गाव नाही, नदी नाही. तिने प्रमाणपत्र खिडकीतून आत सरकवलं, अर्जाचा क्रमांक सांगितला आणि विचारलं, ‘सर, माझी जागा आहे का?’

कारकुनाने वर पाहिलं. ‘बसा,’ तो म्हणाला. ‘बघू.’

माझ्या मागे पेटी उचलल्याचा आवाज आला. वडील दाराकडे वळलेही होते. त्यांच्या दृष्टीने बोलणं संपलं होतं आणि एका क्षणासाठी, कबूल करायला जड जातं, माझेही पाय त्यांच्यामागे निघाले. अंगात मुरलेलं असतं ते.

मुलगी हलली नाही. खिडकीचा काठ दोन्ही हातांनी धरून ती म्हणाली, ‘मी बसत नाही, सर. हो का नाही, तेवढं सांगा. नाही असेल तर नाही म्हणा. मला राग येणार नाही.’

कारकून गोंधळला. असं त्याला कोणी विचारलं नसावं. त्याने स्क्रीनकडे पाहिलं आणि म्हणाला, ‘अहो, हो. आहे की. पहिल्या दिवसापासून होल्डवर ठेवलीय तुमची सीट. मेल केला होता ना आम्ही?’

मुलगी खिडकीवर डोकं टेकून रडली. वडील दारातच थांबले, पेटी हातात तशीच. मला आनंद व्हायला हवा होता. झालाही असेल, पण त्याच्या आधी संताप आला.

‘मग तसं लिहायचं होतं!’ मी ओरडले. ‘जागा ठेवली आहे, शुक्रवारी या. एवढंच! लिहायला काय झालं होतं?’

‘मॅडम, ऑफिशियल मेल आहे तो,’ तो समजावणीच्या सुरात म्हणाला. ‘असं डायरेक्ट कसं लिहिणार? उद्धट दिसतं.’

मला भाऊसाहेबांची आठवण झाली. या मुलाला आणि त्यांना शेजारी बसवलं असतं तर दोघांचं छान जमलं असतं. मी पाणी प्यायले. कागद तपासले गेले, फीमाफीचे शिक्के बसले. वडिलांनी अखेर पेटी जमिनीवर ठेवली. मला वाटलं, झालं.

कारकून शिक्के मारता मारता बोलत होता. आता त्याला मोकळं वाटत असावं. म्हणाला, ‘बरं झालं तुम्ही तरी आलात. होल्डवर बाकीच्या पण आहेत, त्यांनाही हाच मेल गेला. एकही आली नाही. तुमच्या बाजूच्या मुलींना इंटरेस्टच नसतो हो. आज पाचला यादी बंद. मग त्या जागा वेटिंगला जातात.’

मी ग्लास खाली ठेवला. ‘बाकीच्या कुठल्या?’

‘आहेत अशाच. सुरगाणा, पेठ. एक तुमच्याच जिल्ह्यातली, खापरची.’

मी घड्याळाकडे पाहिलं. मुलीने माझ्या आधी पाहिलं होतं. ‘सर, त्यांना फोन करा,’ ती म्हणाली. तो म्हणाला, तसं आमच्यात करत नाहीत, कळवलेलं आहे. ती म्हणाली, मग नंबर लावून द्या, मी बोलते. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि माझ्या चेहऱ्यावर जे काही होतं ते पाहून फोन फिरवला. सुरगाण्याचा बंद होता. पेठचा लागलाच नाही. खापरचा लागला. मुलीने रिसीव्हर माझ्या हातात दिला.

पलीकडे त्या मुलीची आई होती. मी कोण, कुठून बोलते, काही सांगितलं नाही. पहिल्याच वाक्यात सांगितलं की तुमच्या मुलीची नाशिकची जागा आहे, आज पाचपर्यंत.

मग बाई म्हणाली, ‘पन त्यास्नी ते देखसूत म्हनेल व्हतं ना?’

मी म्हटलं, नाही ताई, त्यांचं म्हणणं हो होतं. पोरगी कुठे आहे? कोणी नाशिकमध्ये आहे का तुमचं, जे कागद घेऊन येईल?

‘पोरगी ते कालदिनच गयी,’ बाई म्हणाली. ‘तिना मामास्ना संगे, सुरतले, कामवर. कागदं तिनाच जोडे शेतस.’

कागदही मुलीबरोबरच गेले होते. खापरहून, सुरतेहून, कुठूनही आता पाचच्या आत पोचणं शक्य नव्हतं. ते तिलाही कळलं असावं. ती रागावली नाही, रडली नाही. भाजीचा भाव विचारावा इतक्या साध्या आवाजात तिने मला विचारलं, ‘मंग त्यास्ले हो म्हनाले काय व्हयनं व्हतं?’

काचेच्या पलीकडे कारकून पुढचा शिक्का शाईत बुडवत होता. मी रिसीव्हर खिडकीतून त्याच्यापुढे धरला. ‘हो म्हणायला तुम्हाला काय झालं होतं, विचारतेय ती,’ मी म्हटलं.